भूतपट कापणाऱ्या एडिटरवर शिक्का बसतो का? जपानकडे बघून दिलेलं उत्तर

प्रश्न आधी थोडक्यात सांगते, म्हणजे बाकीच्यांनाही संदर्भ लागेल. विचारणारा 24 वर्षांचा आहे. दोन वर्षं मुंबईत वेब सिरीजवर असिस्टंट एडिटर म्हणून काम करतोय, जपानी भाषेची एन-फोर परीक्षा पास झालाय. जपानी भूतपट, याकुझापट (तिथल्या गुंड टोळ्यांचे सिनेमे), राक्षसपट यांचं त्याला वेड आहे. त्याने लिहिलंय, "ताई, तिकडे असे सिनेमे कापणाऱ्या एडिटरची कारकीर्द नेमकी कशी घडते? मला इथे एका हॉरर फिल्मची ऑफर आहे, पहिलंच स्वतंत्र काम. घेतलं तर कायम तेच करत राहावं लागेल का? की सरळ जपानला जावं?"

वयाने लहान आहेस, म्हणून 'तू' म्हणते. मी बावीस वर्षं एडिटिंग करतेय. त्यातली बरीच हॉरर आणि क्राइममध्ये गेली. एका सहनिर्मितीच्या निमित्ताने टोकियोतल्या एका एडिटिंग रूममध्ये अकरा आठवडे बसले होते. तेवढ्यावर मी तिथली तज्ज्ञ ठरत नाही, पण ते सिनेमे मी फ्रेम मोजत पाहिलेत आणि ते कुणी कापले हेही शोधत आले आहे.

तू तीन प्रश्न विचारलेस, पण तुला खरी धास्ती एकाच गोष्टीची आहे, शिक्का बसण्याची. म्हणून आधी तेच घेऊ.

1964 साली निक्कात्सू स्टुडिओत सेइजुन सुझुकी यांनी 'गेट ऑफ फ्लेश' केला. भडक रंगांचा, वेश्यावस्तीतला, स्टुडिओने पटापट काढलेला सिनेमा. तो कापला आकिरा सुझुकी यांनी. आडनाव एकच, पण माणूस वेगळा. आता जुझो इतामी यांचा 'ताम्पोपो' आठव, रामेनच्या दुकानावरचा, 1985 चा. जगभरच्या समीक्षकांनी डोक्यावर घेतलेला तो सिनेमाही आकिरा सुझुकींनीच कापला. मासाकी कोबायाशींचा 'हाराकिरी' आणि त्यांचाच भूतकथांचा 'क्वैदान' हे दोन्ही हिसाशी सागारांच्या हातचे. चिझुको ओसादा या बाई कोन इचिकावांच्या कायमच्या एडिटर. 1976 ची इचिकावांची 'इनुगामी' घराण्याची रहस्यकथा त्यांनी कापली आणि 1995 मध्ये गोजिराच्या, म्हणजे आपण गॉडझिला म्हणतो त्या राक्षसाच्या, मृत्यूचा सिनेमाही. यांतल्या कुणालाही 'तू भूतवाली' किंवा 'तू मारामारीवाला' म्हणून बाजूला ठेवलं गेलं नाही.

याचं कारण त्यांच्या थोरपणात शोधू नकोस, ते तिथल्या व्यवस्थेत आहे. तिकडे एडिटर स्टुडिओचा नोकर असायचा. 1958 साली जपानमध्ये 112 कोटींहून जास्त तिकिटं विकली गेली. तोएईसारखा स्टुडिओ दर आठवड्याला दोन नवे सिनेमे थिएटरात लावायचा. एवढा माल निघत असताना एडिटिंग रूममध्ये 'हे माझ्या आवडीचं नाही' म्हणायला जागाच नव्हती. सोमवारी सामुराई, पुढच्या महिन्यात प्रेमकथा, मग जुगाऱ्यांची गोष्ट. असिस्टंट म्हणून शिरलेला पोरगा पाच-सात वर्षांत इतके शेवट बघायचा की तेवढे आज आपल्याकडचा एडिटर वीस वर्षांतही बघत नाही. 'शेवट' हा शब्द लक्षात ठेव, पुढे त्याचं काम आहे.

मग हे सगळं कोसळलं. टीव्ही आला, 1972 पर्यंत तिकिटांचा आकडा 20 कोटींच्या खाली गेला. 1971 मध्ये दाइएई स्टुडिओ दिवाळखोरीत निघाला आणि निक्कात्सू कामुक सिनेमांकडे वळला. एडिटर हळूहळू फ्रीलान्स झाले, आणि कारकीर्दीचा आधार स्टुडिओकडून सरकून दिग्दर्शकाकडे गेला. आजही तो तिथेच आहे. तिथे कोण कोणासोबत किती वर्षं बसला, यावर सगळं ठरतं.

त्या पडझडीच्या काळातच सगळ्यात धारदार कापाकापी झाली, हे मला फार महत्त्वाचं वाटतं. 1973 च्या जानेवारीत किंजी फुकासाकूंचा हिरोशिमाच्या टोळ्यांवरचा 'बॅटल्स विदाउट ऑनर अँड ह्युमॅनिटी' आला. मालिकेचे पाच भाग साधारण दीड वर्षात बाहेर पडले. पहिला शिंतारो मियामोतोंनी कापला. हातात धरलेला कॅमेरा, गर्दीत हरवणारी माणसं, आणि माणूस पडला की फ्रेम गोठते, त्यावर नाव आणि तारीख उमटते. आज ही युक्ती सगळ्यांनी चावून चोथा केलीय. पण मूळ सिनेमा बघताना एक ध्यानात घे. डझनभर टोळीवाले, सगळ्यांची नावं, कोण कोणाचा, हे त्या गोंधळात प्रेक्षकाला कळणं शक्यच नव्हतं. ती गोठलेली फ्रेम प्रेक्षकाला हिशेब जुळवायला दिलेला श्वास आहे. शैली वाटते ती मुळात गरज होती. जॉन्रच्या, म्हणजे भूतपट, टोळीपट अशा ठरावीक प्रकारच्या सिनेमांच्या, एडिटरकडून मी शिकले ते हेच. आधी अडचण येते, शैली तिच्या मागून येते.

आता ज्याच्याकडे तू बघावंस असं मला वाटतं त्या माणसाबद्दल. यासुशी शिमामुरा. दिग्दर्शक ताकाशी मीइकेंचे कित्येक वर्षांचे एडिटर. 1989 मध्ये तोएईने थिएटर टाळून थेट व्हिडिओ कॅसेटसाठी सिनेमे काढायला सुरुवात केली, 'व्ही-सिनेमा' नावाने. पैसा कमी, दिवस कमी, पण वर लक्ष ठेवणारेही कमी. मीइके त्या जगातून वर आले. 2001 या एका वर्षात त्यांची पाचाहून जास्त कामं बाहेर पडली. त्यांतला 'इची द किलर' शिमामुरांनी कापला, डिजिटल व्हिडिओवरचा 'व्हिजिटर क्यू' त्यांनीच कापला, आणि प्रेतं पुरत गाणी म्हणणाऱ्या कुटुंबाचा 'हॅपिनेस ऑफ द काताकुरीज'ही त्यांचाच. तिन्ही एकामागून एक बघ. लय सारखी नाही, कट मारायची सवय सारखी नाही. जो एडिटर स्वतःचा हात दाखवायला बसलाय त्याला हे जमत नाही.

1999 चे दोन सिनेमे शेजारी ठेव. 'डेड ऑर अलाइव्ह'ची सुरुवात म्हणजे शिंजुकूतल्या एका रात्रीचा काही मिनिटांचा मारा. नाच, नूडल्स, पावडर, गोळ्या, सगळं एकमेकांत घुसलेलं, संवाद जवळपास नाहीच. शॉट कळायच्या आत पुढचा आलेला असतो, तरी रात्र कळते.

आणि त्याच वर्षीचा 'ऑडिशन'. विधुर माणूस, खोटी ऑडिशन ठेवून दुसऱ्या बायकोचा शोध. बराच वेळ हा सिनेमा अगदी साधा, जरा उदासवाणा, मध्यमवयीन प्रेमाचा वाटतो. शॉट लांब, कट सावकाश. मग एक खोली दिसते. मुलगी जमिनीवर मान खाली घालून बसलीय, केस पुढे आलेले. टेलिफोन. मागे एक मोठं पोतं. फोन वाजतो आणि ते पोतं उसळतं.

मी हा प्रसंग माझ्या प्रत्येक असिस्टंटला दाखवते, पण तेवढाच कधीच दाखवत नाही. आधीचा भाग बसवून बघायला लावते. पोत्याच्या त्या शॉटमध्ये कटची करामत काहीच नाही, ताकद आधीच्या संथ भागात साठवलेली आहे. एखाद्या घाबरट निर्मात्याने 'सुरुवात लांबतेय, दहा मिनिटं काप' म्हटलं असतं आणि एडिटरने मान डोलावली असती, तर ते पोतं म्हणजे फक्त पोतं राहिलं असतं. आणखी एक. शेवटच्या भागात आधीच्या भेटींचे प्रसंग पुन्हा येतात, पण बदललेले. पहिल्यांदा ऐकले नव्हते असे शब्द आता ऐकू येतात. माणसाच्या डोक्यात काय चाललंय आणि खरं काय, याची सीमा कटने पुसलीय. कागदावर हे कितीही लिहा, ते जमतं की फसतं हे टाइमलाइनवरच कळतं.

तर शिक्क्याचं उत्तर. जॉन्रने शिक्का बसत नाही. बसतो तो अर्धवट कामाने. तुझ्या दोन वर्षांत तू काय केलंस हे मला न सांगताही कळतं, कारण मीही तेच केलंय. साउंड सिंक (आवाज आणि चित्र जुळवणं), बिन लावणं (शॉट वेगवेगळ्या खणांत लावून ठेवणं), एपिसोडचा पहिला जोड, मग तो वरच्या माणसाकडे गेला, तिथून चॅनेलकडे, आणि शेवटी काय राहिलं ते तू प्रेक्षकांबरोबरच पाहिलंस. असं सहा वर्षं केलेली हुशार मुलं मी पाहिलीत. कट सुंदर मारतात, पण सिनेमा कुठे संपवायचा हे त्यांना ठरवता येत नाही, कारण ते कधी कुणी त्यांच्याकडे सोपवलंच नाही. व्ही-सिनेमाने शिमामुरांच्या पिढीला काय दिलं? शेवट दिले. पहिल्या रशपासून, म्हणजे कच्च्या चित्रीकरणापासून, शेवटच्या प्रिंटपर्यंत, पुन्हा पुन्हा.

मात्र हे सगळं एका अटीवर अवलंबून आहे, आणि तुझ्या ऑफरबद्दल मला ती माहीत नाही. दिग्दर्शक कोण आहे? तो आणखी सिनेमे करणार आहे का? एडिटिंग रूममध्ये तुझ्या शेजारी बसणार आहे, की फोनवरून टाइमकोड सांगणार आहे? माझ्या सुरुवातीच्या काळात एका निर्मात्याने दोन तासांचा भूतपट मला चार दिवसांत कापायला लावला आणि पाचव्या दिवशी तो दुसऱ्याकडे दिला. त्या कामातून मी काहीही शिकले नाही. कमी पैसे चालतील, कमी दिवसही चालतील, पण शेवटपर्यंत काम तुझ्याकडे राहील असं कागदावर लिहून घे.

आता थोडं हस्तकौशल्याचं, कारण हॉरर घेतलंस तर लगेच लागेल. 1998 च्या 'रिंग'चे एडिटर नोबुयुकी ताकाहाशी. पुढे 2002 च्या 'जु-ऑन'चेही तेच, म्हणजे जपानी भुताला जगभर पोचवणारे दोन्ही सिनेमे एका माणसाच्या टेबलावरून गेले. 'रिंग'मधल्या सादाको या भुताची ती चाल, टीव्हीतून बाहेर येणारी, नटीला उलटं चालवून शूट केलीय आणि फिल्म उलटी फिरवलीय. म्हणून हातपाय माणसाचेच, पण वजन चुकीच्या जागी पडतं. आणि शेवटचा डोळ्याचा क्लोजअप तर नटीचा नाहीच, युनिटमधल्या एका माणसाचा आहे, पापण्यांचे केस काढून घेतलेला. म्हणजे ज्या भुताला जग घाबरलं ते असं तुकड्यांतून जोडलेलं आहे. चेहरा जवळजवळ दाखवलेलाच नाही.

हेच शहाणपण 1954 च्या पहिल्या 'गोजिरा'पासून चालत आलंय. एइजी त्सुबुराया छोट्या प्रतिकृती आणि रबरी पोशाखातला माणूस जास्त वेगाने शूट करत, म्हणजे पडद्यावर हालचाल संथ आणि जड दिसे. पण किती वेळ दाखवायचं, याचं उत्तर कॅमेऱ्याकडे नसतं. एका फ्रेमने जास्त झालं की प्रेक्षक इमारत सोडून पुठ्ठा बघायला लागतो. मी एकदा वाड्याच्या सोप्यावर उभी राहिलेली बाई 31 फ्रेम ठेवली होती. खोलीतल्या सगळ्यांना ती छान वाटत होती, कारण ती भूत आहे हे आम्हाला माहीत होतं. बाहेरच्या दोघांना दाखवली तर दोघांनीही साडी कशी नेसलीय याबद्दल विचारलं. 14 फ्रेम केल्यावर कुणी साडी पाहिली नाही. आकडा पाठ करू नकोस, तो त्या शॉटपुरता होता. बाहेरच्या माणसाला दाखवायची सवय मात्र लावून घे.

आता जपानला जाण्याबद्दल. इथे तुझ्याकडे एक गोष्ट अशी आहे की तिची किंमत तुला अजून कळलेली नसेल. तू मराठी आहेस. जपानीत क्रियापद शेवटी येतं, आणि नकारही शेवटीच. 'ओरे वा कोरोशिते नाई' म्हणजे 'मी मारलेलं नाही'. 'नाई' येईपर्यंत ऐकणाऱ्याला काहीच ठरवता येत नाही. आपल्याकडेही तसंच, 'मी त्याला मारलेलं' एवढ्यावर वाक्य थांबवलं तर तो कबुलीजबाब होतो. आता एडिटर म्हणून विचार कर. समोरच्याच्या चेहऱ्यावर कट कधी मारायचा? 'नाई'च्या आधी मारला तर त्याच्या चेहऱ्यावर वाट बघणं मिळतं, नंतर मारला तर सुटका. दोन वेगळे सिनेमे झाले. इंग्रजी सबटायटल वाचणाऱ्याला नकार आधीच वाचून झालेला असतो, म्हणून त्याला तो कट उशिरा पडल्यासारखा वाटतो. टोकियोत शेजारच्या टेबलावर एक अमेरिकन मुलगा होता, तो प्रत्येक रिॲक्शन पाऊण सेकंद आधी मागायचा. मला ती लय कुणी समजावून द्यावी लागली नाही. आणि तिथली माणसं ऐकताना सारखा हुंकार देतात, आजी गोष्ट सांगताना आपण द्यायचो तसा. तो हुंकार दुसऱ्याच्या वाक्यावर चढलेला असतो, त्यामुळे आवाज वेगळा काढून कट पुढे-मागे सरकवताना जीव जातो. एन-फोरवर हे झेपणार नाही. त्याहून वरच्या एन-टू पातळीपर्यंत जा, आणि सबटायटल बंद करून पाहायला आजपासून सुरुवात कर. कळलं नाही तरी पाहा.

तिथल्या खोलीतले काही शब्दही शिकून ठेव. कट मारणं याला ते 'त्सुनागु' म्हणतात, म्हणजे जोडणं. आपण कापतो, ते जोडतात. पूर्ण जोडलेला सिनेमा सगळ्यांनी मिळून बघायचा त्याला 'ऑल रश', आणि तयार झालेल्या पहिल्या प्रतीच्या खेळाला 'शोगो'. सेटवर नोंदी ठेवणारी 'किरोकू' एडिटरच्या अगदी जवळची माणूस असते. दिग्दर्शक कुरोसावांच्या तेरुयो नोगामींचं नाव तू ऐकलं असशील, त्यांचं काम तेच. तिथे गेलास तर दिग्दर्शकाआधी किरोकूशी ओळख कर.

पण गेल्या गेल्या स्वतंत्र एडिटर होशील अशी आशा मी तुला दाखवणार नाही. आधारच माणसांच्या जुन्या जोड्यांवर आहे, तर परक्याला त्यात शिरायला वेळ लागणारच. 'गोजिरा मायनस वन'चे र्युजी मियाजिमा घे. दिग्दर्शक ताकाशी यामाझाकींसोबत त्यांनी 2005 मध्ये 'ऑलवेज' केला होता, जुन्या टोकियोतल्या शेजाऱ्यांची साधी गोष्ट. अठरा वर्षांनी त्याच जोडीने गोजिरा केला. 610 इफेक्ट शॉट आणि ते करणारी 35 माणसं. अशा वेळी एडिटरने एखादा शॉट अर्धा सेकंद लांब ठेवला तर कुणाच्या तरी रात्री त्यात जातात. तो निर्णय नवख्यावर कुणी सोपवत नाही. दुसरं म्हणजे कित्येक दिग्दर्शक स्वतःच कापतात. ताकेशी कितानो, शिन्या त्सुकामोतो आणि 'वन कट ऑफ द डेड' या झॉम्बीपटाचे शिनिचिरो उएदा. 'शिन गोजिरा'त तर हिदेआकी आन्नो स्वतः अत्सुकी सातोंच्या जोडीने एडिटिंगला बसले.

उएदांच्या सिनेमाचं उदाहरण मला फार जवळचं वाटतं. बजेट जेमतेम 30 लाख येन. सुरुवातीची 37 मिनिटं एकच शॉट, कटच नाही. आणि 2019 मध्ये जपान अकादमीचा एडिटिंगचा पुरस्कार त्यालाच मिळाला. पहिल्या भागात जे जे अवघडलेलं, लांबलेलं, चुकलेलं वाटतं, ते सगळं दुसऱ्या भागात कटने फेडलंय, म्हणून. तोच पुरस्कार 2001 मध्ये हिरोहिदे आबेंना 'बॅटल रोयाल'साठी, 2017 मध्ये 'शिन गोजिरा'ला आणि 2024 मध्ये 'मायनस वन'ला मिळाला. एकमेकांना मारणारी शाळकरी मुलं, झॉम्बी आणि दोनदा गोजिरा. जॉन्रमध्ये काम केलं तर कुणी मानत नाही, ही भीती निदान तिथल्या अकादमीने तरी खरी ठरू दिलेली नाही.

म्हणून तुझ्या जागी मी असते तर हॉररची ऑफर घेतली असती, शेवटापर्यंत काम माझ्याकडे राहणार असेल तर. जपानी भाषा चालू ठेवली असती आणि जपानला जायचंच तर दोन-तीन पूर्ण सिनेमे हातात घेऊन, असिस्टंटचं काम करायची तयारी ठेवून गेले असते. तिथे तुझा शोरील, म्हणजे निवडक कामाचे तुकडे, कुणी फार वेळ बघणार नाही, पूर्ण सिनेमा मागतील. मला तरी तोच मागितला होता.

तोपर्यंत एक काम कर. 'ऑडिशन'मधला तो पोत्याचा प्रसंग टाइमलाइनवर घे आणि त्याआधीचा भाग स्वतः दहा मिनिटांनी छोटा करून बघ. कुठून काय काढलंस आणि पोत्याचं काय झालं ते लिहून पाठव. दिग्दर्शकाशी बोलणं झालं की तेही कळव, करारात काय लिहून घ्यायचं ते नीट सांगेन.